चौथी आलेली

मालवणच्या एसटी स्टँडसमोर शहाळ्यांच्या गाडीपाशी उभा असताना मॅक्सवेलला एक पाठमोरी बाई दिसली आणि तोंडाशी नेलेलं शहाळं त्याच्या हातात तसंच राहिलं. बाई ओळखीची नव्हती. अंगावर कंडक्टरचा खाकी ड्रेस, केसांना क्लिप, हातात मासळीची पिशवी. ड्युटी संपवून घरी निघालेल्या कुठल्याही बाईसारखी ती स्टँडकडे चालली होती. ओळखीची होती ती चाल. उजवं पाऊल उचलताना किंचित बाहेर वळत होतं आणि डावी टाच टेकण्याआधी क्षणभर थबकत होती, जमिनीला विचारून घेतल्यासारखी. ह्या पावलांना आपण ओळखतो. ह्यांच्यावर आपण उजेड पाडलाय, ह्यांच्याखालच्या मातीवर पाणी मारून घेतलंय, ह्यांच्या घोट्यावरचा जुना व्रण रंगवून झाकायला लावलाय. पण ह्या पावलांच्या वर कुठला चेहरा होता ते काही केल्या आठवेना. मग त्याच्या लक्षात आलं, की आठवणार कुठून, तो चेहरा आपण कधी बघितलेलाच नाही. चौकटीत तो येऊ नये एवढीच काळजी घेत होतो आपण. गाडीवाला पैशांसाठी हाका मारत होता. नोट त्याच्या हातात कोंबून, सुटे न घेताच, मॅक्सवेल त्या पावलांच्या मागे निघाला.

गेली वीस-बावीस वर्षं तो कॅमेरामन म्हणून खेळाडूंची आयुष्यं चित्रित करत आला होता. पहिला सिनेमा एका पैलवानावरचा. तो चालला आणि त्याच्यावर शिक्का बसला. मग मुष्टियोद्धा आला, हॉकीची गोलरक्षक आली, धावपटू आली. मुंबईत त्याला 'घामाचा माणूस' म्हणत, कारण कपाळावरून ओघळणारा घामाचा थेंब त्याच्यासारखा कुणाला टिपता येत नसे. तो घाम बाटलीतला असे, ग्लिसरीन घातलेला, हे सगळ्यांना ठाऊक होतं, आणि तरी थेटरात माणसं रडत. गोष्ट दर वेळी तीच असायची. आधी हार, मग अपमान, मग एकटीनं केलेला सराव, आणि शेवटी ती एक शर्यत, जिचा वेग तो इतका मंदावून टाकी की छातीला लागणारी रिबीन तुटायला श्वासभर वेळ लागे. ज्यांच्यावर सिनेमा असे ते खरे खेळाडू कधीतरी सेटवर येत आणि मॉनिटरच्या मागे हात बांधून उभे राहत, आपल्याच लग्नात वाढपी म्हणून आल्यासारखे. त्यांच्याशी बोलायची मॅक्सवेलला कधी गरज वाटली नाही. त्याला बघायचं असे, आणि बघण्यासारखं सगळं नटाच्या अंगावर चढवून झालेलं असे. ॲनी, त्याची बायको, एकदा वसईच्या घरात भाजी चिरता चिरता सहज म्हणाली होती, "तू माझ्याकडे बघतोस ना, तेव्हा माझ्या मागचा उजेड बघतोस." तो हसला होता. पण त्यानंतर बरेच दिवस तिच्याकडे बघताना त्याला डोळे नेमके कुठे ठेवावेत ते कळत नव्हतं. आणि मुलीच्या, ट्रिशाच्या, शाळेतली ती शर्यत. सगळे आईबाप आपापल्या पोरांच्या मागे मोबाईल धरून पळत होते, आणि हा सवयीनं रिबिनीवर कॅमेरा रोखून थांबला. जिंकणारी कुणाची तरी मुलगी फार सुंदर आली. ट्रिशा सहावी का सातवी आली, ती चौकटीत कुठेच नव्हती. घरी येऊन तिनं ते तीनदा बघितलं आणि म्हणाली, "पप्पा, ही कोण?" चिडली नव्हती, खरंच विचारत होती.

आता पुढचा सिनेमा एका जलतरणपटूवर होता, आणि जागा बघायला म्हणून तो आपल्याच गावी येऊन राहिला होता. चार दिवस किनाऱ्यानं हिंडला. समुद्र होता, होड्या होत्या, सकाळचा उजेड पाण्यावर हवा तसा पडत होता, आणि बघावं तिथं त्याला वाटत होतं, की हे आपलं आधीच काढून झालंय. लहानपणी ज्या पाण्यात तो डुंबला होता त्या पाण्याकडे बघताना, इथं ट्रॉली कुठं लावायची, एवढंच मनात येई. काल रात्री निर्मात्याचा फोन आला, जागा मिळाली का, आणि तो हो म्हणाला. फोन ठेवल्यावर हात धुवावेसे वाटले. कशाचं वाईट वाटतंय ते नीट सापडत नव्हतं. सापडलं असतं तर निदान ॲनीला सांगता आलं असतं.

ती कुडाळच्या गाडीत चढली. तोही चढला. गाडी अर्धी रिकामी होती. ती खिडकीशी बसली आणि मासळीची पिशवी पायाशी ठेवली. तिच्या पुढच्या बाकावर वळून बसत मॅक्सवेल म्हणाला, "माफ करा हं. तुम्ही... तुम्ही धावत होता ना? सिनेमात?"

बाईनं मान वर केली. पस्तिशी उलटलेली, उन्हानं रापलेली, भुवया दाट, आणि एका बाजूचा दात जरा पुढे. ती त्याच्याकडे बघत राहिली आणि मग एकदम हसली. "मॅक्सवेल सर? अगो बाय! तुमचो एक डोळो मिटलेलो नाय, म्हणान वळखूक वेळ लागलो. आमी तुमका सदीच कॅमेऱ्याक एक डोळो लावन बघलेलो."

"तुमचं नाव..." तो अडखळला. कामाच्या कागदांवर रोज 'डुप्लिकेट' एवढंच लिहिलेलं असे.

"सुभद्रा," ती म्हणाली. नाव माहीत नसल्याचं तिला काही विशेष वाटलेलं दिसलं नाही. "तुमका आमची वळख ऱ्हवली, ह्याच मोठा झाला."

गाडी सुटली. चौक्याच्या दिशेनं चढ लागला, आंब्याच्या बागांचा गार अंधार खिडक्यांतून आत-बाहेर करू लागला, आणि मॅक्सवेलला ते मैदान आठवू लागलं. कुडाळजवळचं, लाल मातीचं. सिनेमा आंबोलीच्या तेजस्वीवरचा. तेजस्वी देशासाठी धावलेली, पेपरात फोटो आलेली. तिचं काम करणारी नटी गुणी होती, पण तिचा गुडघा दुखावलेला, तिला धावता येईना. मग जवळपासच्या गावातून धावणारी एक मुलगी शोधून आणली, तीच ही. पाठमोरी किंवा गुडघ्याखाली, एवढंच तिला दाखवायचं. तिची ती थबकणारी टाच मॅक्सवेलला आधी खटकली होती. त्यानं निरोप पाठवला, की डावी टाच सरळ टेकायला सांगा. ते तिला काही जमलं नाही. शेवटी त्यानं उलटं केलं, नटीलाच तिच्यासारखं चालायला शिकवलं. पुढे त्या चालीचं फार कौतुक झालं. नटीला बक्षीस मिळालं, तेव्हा परीक्षकांनी चालीचा मुद्दाम उल्लेख केला होता. त्या रात्री पार्टीत मॅक्सवेलनं त्या पावलांची आठवण काढली होती का? नसावी. निदान तशी आठवण आता सापडत नव्हती.

"ती शर्यत काढलात ना तुमी, शेवटची," सुभद्रा खिडकीबाहेर बघत म्हणाली. "ती खरी पुण्याक झालेली. राज्याची निवड होती. त्या शर्यतीत मीव होतंय."

"तुम्ही? त्याच शर्यतीत?"

"तेजस्वीबरोबर. ती पयली इली, मी चवथी. तिघींका घेतल्यानी." तिनं हे बसच्या वेळा सांगाव्यात तसं सांगितलं. "सिनेमाच्या वक्ताक थय एक चेडू होता, चवथी येवचा काम होता तेका. तेका हरूक येयना. मगे मीच दाखवलंय, कशी मान खाली घालूची, गुडघ्यार हात कसे ठेवूचे ते. आणि फुडे जावन रिबीन मीच तोडलंय. गंमत बघा."

त्या मुलीची ती खाली गेलेली मान मॅक्सवेलला लख्ख आठवली. फार खरी वाटली म्हणून त्यानं ती जास्तीची चार सेकंद धरली होती.

"वायट नाय वाटूक," सुभद्रा त्याचा चेहरा बघून म्हणाली. "खरा सांगू? थयसर धावलंय त्ये दिवस बरे होते. पण एक झाला. आता ती पुण्याची शर्यत आठवाक गेलंय, तर तुमचीच दिसता. लाल माती, मंद मंद पावलां, ता संगीत. पुण्याक तांबडी माती होती काय काळी, ऊन होता काय ढग, काय्येक आठवना नाय. माझी शर्यत खंय गेली काय म्हायत." ती हसली, पण ह्या वेळी दात दिसला नाही.

एखाद्याच्या घरात चुकून शिरावं, दिवा लावावा, खुर्च्या हलवाव्या, आणि वर्षांनंतर त्या घरातल्या माणसानं भेटून सांगावं, की मला माझी खोली सापडत नाही, तसं मॅक्सवेलला वाटलं. बाहेर उतार सुरू झाला होता. ड्रायव्हरनं गियर बदलला तसा बाक थरथरला.

"सर, तुमका येळ आसा?" सुभद्रा एकदम म्हणाली. "देवानच धाडल्यान तुमका. आमच्या आयेन माझो घात केल्यान." आणि धामापूर येईपर्यंत तिनं सांगितलं ते असं: सिनेमा लागला तेव्हा ती आईला कुडाळला घेऊन गेली. आईला डोळ्यांनी कमी दिसतं, पडद्यावरची तोंडं कळत नाहीत. पण शेवटची शर्यत लागली तशी म्हातारी भर थेटरात उभी राहून ओरडली, "ही माझ्या चेडवाची पावलां!" लोक हसले. म्हातारी मात्र रडत होती. पुण्याहून आली तेव्हा सुभद्रानं काहीच सांगितलं नव्हतं, आईनंही विचारलं नव्हतं, नुसतं जेवायला वाढलं होतं. आता आईनं आपला हिशेब जुळवला, की शर्यत माझी मुलगी जिंकली आणि नाव आंबोलीवालीचं लागलं. सुभद्रानं समजावलं, पण मुलगी आपल्याला वाईट वाटू नये म्हणून खोटं बोलते, असंच म्हातारीला वाटलं. ती इतकी हरखली होती, की सुभद्रानंही मग सोडून दिलं. पाच वर्षांत ते वाडीभर झालं. आणि येत्या रविवारी शाळेच्या कार्यक्रमाला तेजस्वी पाहुणी म्हणून येणार होती. "आये म्हणता, मी उभी ऱ्हवान सगळ्यांसमोर इचारतलंय, माझ्या चेडवाचो नंबर परत दी म्हणान. तेजस्वीन माझा काय घेवक नाय, सर. ती माझ्यापेक्षा जोरात पळली, इतक्याच. तुमी सांगा आयेक. कॅमेरो तुमचो होतो, तुमचा ती आयकतली."

धामापूरला उतरून तळ्याच्या कडेनं ती दोघं वाडीकडे चालू लागली. भगवतीच्या देवळाकडून कुणीतरी घंटा वाजवली. मॅक्सवेल मनात वाक्यं जुळवत होता. काकी, तो सिनेमा होता. खोटी शर्यत. बाकीच्या मुलींना हळू पळायला सांगितलं होतं. सोपं होतं, खरंही होतं. पुढे चालणाऱ्या सुभद्राची टाच थबकत होती, आणि तो पहिल्यांदाच तिच्याकडे बघणं टाळत होता.

यशोदा, तिची आई, पडवीत काजूच्या राशीपाशी बसली होती. बोंडू, म्हणजे काजूचं फळ, पिळून बी वेगळी करायची, बोंडू एका टोपलीत, बी दुसऱ्या. सगळ्या पडवीला तो आंबट-गोड, घशात धरणारा वास होता.

"कोण गो बरोबर?"

"आये, हे मॅक्सवेल सर. सिनेमाचो कॅमेरो हेंचोच."

म्हातारीचे हात थांबले. "खंयचो तू, झिला?"

"मालवणचोच, काकी. सांतान मास्तरांचो झील." मालवणी त्याच्या तोंडून आपोआप निघाली आणि त्याचा त्यालाच आवाज परका वाटला. वडील गेल्यापासून तो ही भाषा कुणाशी बोलला नव्हता.

"बस. सुभद्रा, हेका पाणी दी." मग ती पुढे वाकली. "म्हणजे तू जवळसून बघलंस. देवाशपथ सांग माका. पयली कोण इली?"

सुभद्रा पाण्याचा तांब्या घेऊन दारात उभी राहिली. मॅक्सवेलनं तोंड उघडलं, आणि जुळवलेलं पहिलं वाक्य जिभेवर असतानाच त्याला तो शेवटचा टेक आठवला. सूर्य उतरायला लागलेला. दिग्दर्शक वैतागलेला, शर्यत लुटुपुटूची दिसते म्हणून ओरडत होता. मग त्यानं सगळ्या मुलींना एकत्र बोलावलं आणि सांगितलं, आता अभिनय नको, पळा. त्यात जिल्ह्यातल्या चांगल्या धावणाऱ्या पोरी होत्या, सुभद्रापेक्षा वयानं लहान. त्या वेळी त्या खरंच पळाल्या का? कुणी मागे हटलं का? त्याला माहीत नव्हतं. साऱ्या मैदानात सगळ्यात जवळून बघणारा तो होता, आणि त्याच्या लेन्समध्ये फक्त दोन पावलं होती. त्यांच्या बाजूला काय चाललंय ते त्यानं बघितलं नव्हतं. म्हातारीचे पांढुरके डोळे त्याच्या चेहऱ्याच्या जरा बाजूला रोखलेले होते.

"काकी," तो म्हणाला, "माका तिची पावलांच दिसत होती. तोंड नाय, बाकीची चेडवां नाय. ऊन तिरपा होता, धूळ उडत होती. तिची डावी टाच पडाच्या आधी थांबता ना, तशी थांबत होती, पण इतकी थोडी, की जमिनीक लागता काय नाय ता कळना नाय. शेवटाक ती दम लागलेल्या माणसासारखी पडाक लागली. पावलां, म्हणतंय मी. तरी थांबली नाय. रिबिनीच्या पलीकडे गेली. आणि तेंच्या फुडे दुसरा पाऊल येवक नाय. इतक्याच मी बघलंय."

"आयकलंस?" म्हातारी दाराकडे वळून म्हणाली. "आयकलंस गो?"

मॅक्सवेलनं सुभद्राकडे पाहिलं. तिच्या चेहऱ्यावर आधी काहीतरी उजळलं, अगदी लहान मुलीसारखं, आणि पाठोपाठ ते विझून राग आला. "सर," ती हळू म्हणाली, "ह्या सांगूक मी तुमका हाडलंय?" तिचं बरोबर होतं. त्याला खाली बघावंसं वाटलं. बोलला त्यात खोटं काहीच नव्हतं, आणि तरी सिनेमात करतो तेच आपण पुन्हा केलं, असं त्याला वाटत होतं.

सुभद्रानं तांब्या उंबऱ्यावर ठेवला. आईसमोर उकिडवी बसून तिनं तिचे बोंडवानं चिकट झालेले दोन्ही हात धरले. "आये, आता आयक. ती सिनेमातली. खरी शर्यत पुण्याक झाली. तेजस्वी पयली इली. मी चवथी इलंय. चवथी. माका कोणी फसवक नाय, माझा कोणी चोरूक नाय. मी तुका सांगूक व्हया होता, त्याच रातीक. तू वाढलंस आणि मी गप जेवलंय."

एक माशी बोंडवांवर घोंगावत होती. म्हातारीनं हात सोडवून घेतले, एक बोंडू उचलला, बी पिळून काढली, टोपलीत टाकली. मग दुसरा. तिच्या तोंडावर काय होतं ते मॅक्सवेलला वाचता येईना.

"किती चेडवां होती?" तिनं विचारलं.

"आठ."

"मगे चार जणी तुझ्या पाठी होत्यो."

सुभद्रा म्हणाली, "होत्यो."

"तेंची नावां सांग."

"आये, कोणाक म्हायत? कितकी वर्सां झाली."

"फुडच्यांची तुका पाठ आसत. पाठच्यांची सांग. पाठसून कोण येता ह्या माणसाक कळता मरे. पाय वाजतत."

सुभद्राची नजर अंगणात कुठेतरी गेली आणि तिथंच थांबली. मॅक्सवेलनं तिचा चेहरा बघितला. भुवयांच्या मधे आठी पडत होती, जात होती. ओठ किंचित हलत होते.

"सलोनी," ती म्हणाली. "पाचवी सलोनी. वेंगुर्ल्याची. ती... ती पाठसून माका हाका मारी होती. धावता धावता! गो सुभद्रा, थांब गो, माका ठेवन जाव नको!" तिला हसू फुटलं. "तिका पोटात दुखत होता. रातीक आमी दोघींनी शेंगदाणे खाल्ले होते, खाव नको सांगलेले. माका तिचा हसू येय आणि हसल्यार दम जाय. त्याच वळणार तिसरी फुडे गेली बघ माझ्या. आणि... ढग होते, आये. ऊन नव्हता. काळे ढग, आणि माती नव्हतीच थय, तांबडा रबरासारखा कायतरी होता, पायाक गुदगुल्यो करी. आमका बूट उसने दिलेले, तिचो एक पडलो, एका बुटान धावली ती. संपल्यार आमी रडाक जावक नाय. नळाखाली डोकी घातलंव दोघींनी, एकाच नळाखाली. थय नावां वाचीत होते, आणि हय आमका पाण्याच्या आवाजात आयकाकच येयना."

ती थांबली, धापा टाकल्यासारखी. आपणच बोललो ह्याचं तिला नवल वाटत असावं. मॅक्सवेल पायरीवर बसला होता. त्याचे हात रिकामे होते. ह्या गोष्टीला कुठून उजेड द्यावा हे त्याच्या मनातसुद्धा आलं नाही. तो नुसता ऐकत होता.

"आयतवारी ता आंबोलीचा चेडू येतला ना," म्हातारी म्हणाली, "तेका हय जेवक हाड. तेका पाठच्यांतली कोण आठवता काय, इचारूया."

"तू कायएक बोलाचा नाय हां तिका, आये."

"माका काय बोलूचा आसा? नंबर तिचो, तिका लखलाभ." तिनं भरलेली टोपली बाजूला सारली आणि रिकामी पुढे ओढली. खाली रस्त्यावरून मालवणची गाडी हॉर्न वाजवत गेली. सुभद्रानं मॅक्सवेलकडे बघितलं, तो उठला नाही. त्यानं राशीतला एक बोंडू उचलला आणि म्हातारी कशी पिळते ते बघत तसंच करू लागला. रस मनगटावरून ओघळला.

"बरा," यशोदा लेकीला म्हणाली, "आणि सलोनीच्या पाठी सव्वी कोण?"